ललिताबाई पवार आणि दुय्यम भूमिका

रामायणाची कथा ज्या ठिकाणीं वळण घेते, तेथें उभी आहे ती राणी नव्हे, एक दासी. मंथरा कैकेयीच्या कानाशीं लागली नसती, तर रामाला वनवास घडला नसता आणि पुढचीं कांडें लिहिण्याचें वाल्मीकींना कारणच उरलें नसतें. असें असूनहि मंथरेची भूमिका दुय्यमच गणली जाते. ललिताबाई पवार यांनीं ती दोनदां केली. एकदां १९६१ च्या 'संपूर्ण रामायण' या चित्रपटांत, आणि पुन्हां १९८७ सालीं दूरदर्शनवरील 'रामायण' मालिकेंत. दुसऱ्या खेपेस त्यांनीं वयाची सत्तरी ओलांडली होती.

ललिताबाई मूळच्या आमच्या शेजारच्याच. छत्रपती संभाजीनगरहून नाशिकची वाट धरली, कीं वैजापूर मागें पडल्यावर येवलें लागतें. आज हा प्रवास अर्ध्या दिवसांत जाऊन येण्याजोगा आहे; १९१६ सालीं मात्र वैजापूर निजामाच्या राज्यांत आणि येवलें इंग्रजांच्या मुंबई इलाख्यांत होतें. आपल्या पैठणचें नांव मिरवणारी पैठणी ज्या येवल्यानें आपलीशी केली, तेथील एका रेशमाच्या व्यापाऱ्याच्या घरीं १८ एप्रिल १९१६ रोजीं अंबा लक्ष्मणराव सगुण ही मुलगी जन्मास आली. मूकपटांच्या काळांत, लहानपणींच, ती कॅमेऱ्यापुढें उभी राहिली, आणि 'ललिता' या नांवानें नायिका झाली. १९३२ चा 'कैलास' आणि १९३८ चा 'दुनिया क्या है' या चित्रपटांच्या निर्मितींतहि तिचा हात होता.

१९४२ सालीं 'जंग-ए-आझादी'चें चित्रण चाललें असतां एका प्रसंगांत मास्टर भगवान यांनीं त्यांच्या थोबाडींत मारावयाची होती. चपराक अंदाजाबाहेर बसली. चेहऱ्याच्या एका बाजूस पक्षाघात झाला, डाव्या डोळ्याची शीर फुटली, आणि दीर्घ उपचारांनंतरहि तो डोळा पूर्ववत् झाला नाहीं. नायिकेचा व्यवसाय चेहऱ्यावर चालतो. तो ऐन पंचविशींत संपला.

यापुढची हकीगत लोक सामान्यतः अशी सांगतात कीं, डोळा बारीक झाला आणि बाईंना खलनायिकेचा आयता चेहरा मिळाला. हें सांगणें मला फार उथळ वाटतें. अधू डोळा पुष्कळांना असतो. १९४४ सालीं प्रभातच्या 'रामशास्त्री'मध्यें त्यांनीं आनंदीबाई केली. 'ध'चा 'मा' केल्याचा ठपका मराठी मनानें जिच्यावर कायमचा ठेवला, ती बाई (ठपका खरा कीं खोटा हा वाद संशोधकांचा) नुसत्या बारीक डोळ्यानें उभी राहत नाहीं. पेशव्यांच्या वाड्यांत वावरण्याचा दरारा आवाजांत आणि मानेच्या ताठ्यांत असावा लागतो. तो त्यांच्यापाशीं होता. थपडेनें तो दिलेला नव्हता.

शांतारामबापूंच्या 'दहेज'नें (१९५०) त्यांना हुंड्यासाठीं सुनेला छळणारी सासू केलें, आणि मग सासूची गादी त्यांच्याकडे जणूं वतनाप्रमाणें चालत आली. येथें एक गोष्ट बोलल्यावांचून राहवत नाहीं. हुंड्याची बोलणीं बैठकींत पुरुष करीत. पैसे मोजून घेणारेहि तेच. पडद्यावर मात्र सारें पाप सासूच्या पदरांत पडे, आणि गप्प बसणाऱ्या नवऱ्याला शेवटीं प्रेक्षकांची क्षमा मिळे. समाजाचा हा सोयीचा हिशेब ललिताबाईंच्या चेहऱ्यावर वर्षानुवर्षें मांडला गेला. त्यांनीं भूमिका चोख वठविली हें खरें, परंतु हिशेब चुकीचाच होता.

या चौकटीतून त्या अनेकदां निसटल्या. 'श्री ४२०'मधील केळेवालीची माया कोण विसरेल? 'प्रोफेसर'मध्यें (१९६२) त्या शिस्तीच्या करड्या आत्याबाई आहेत. शिकवणीसाठीं म्हाताऱ्याचें सोंग घेऊन आलेल्या शम्मी कपूरवर त्यांचें मन बसतें, आणि ही करडी बाई नटूं लागते. प्रेक्षक पोट धरून हंसतात. पण प्रौढ स्त्रीलाहि कोणीतरी हवें असतें, हें त्या हंसण्याच्या आड त्यांनीं इतक्या अदबीनें दाखविलें आहे, कीं हंसणाऱ्याला मागाहून थोडें चुकल्यासारखें होतें.

सर्वांत मोठी भूमिका माझ्या मतें 'अनाडी'तील (१९५९) मिसेस डिसाची. ही ख्रिस्ती घरमालकीण भाड्यासाठीं राज कपूरवर तोंड सोडते आणि मायेनें त्याला जेवूंहि घालते. रागाचा स्वर आणि काळजीचा स्वर एकाच वाक्यांत इतके मिसळलेले, कीं कोठें एक संपला आणि दुसरा लागला हें सांगतां येऊं नये. तोच तो डोळा, पण येथें त्यांत कपट कोणाला दिसत नाहीं. विषारी औषधानें ती मरते, आळ राजवर येतो, आणि चित्रपटाचा सारा उत्तरार्ध तिच्या मरणावर उभा राहतो; मंथरेप्रमाणें येथेंहि कथा दुय्यम पात्रानेंच वळविली आहे. या भूमिकेसाठीं त्यांना साहाय्यक अभिनेत्रीचें फिल्मफेअर पारितोषिक मिळालें. १९६१ सालीं संगीत नाटक अकादमीनें त्यांचा गौरव केला.

त्यांच्या बरोबरीच्या बहुतेक नायिका पन्नाशीच्या दशकांत मागें पडल्या. ललिताबाई मात्र त्या चपराकीनंतर चाळीस वर्षांहून अधिक काळ काम करीत राहिल्या. २४ फेब्रुवारी १९९८ रोजीं पुण्यांत त्यांचें निधन झालें.