नेत्रशस्त्रक्रियेनंतरचा रक्तस्राव : मेडिकल कोडिंग

मोतीबिंदूसारख्या नेत्रशस्त्रक्रियेनंतर झालेला रक्तस्राव आंतरराष्ट्रीय रोगवर्गीकरणातील (आयसीडी) सांकेतिक क्रमांकाने नोंदवण्याची पद्धत. अमेरिकेत १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू असलेल्या 'आयसीडी-१०-सीएम'मध्ये उजव्या डोळ्यासाठी एच५९.३११, डाव्यासाठी एच५९.३१२, दोन्हींसाठी एच५९.३१३ हे कोड आहेत. बाजू लिहिलेली नसल्यास एच५९.३१९. शस्त्रक्रिया चालू असतानाच्या रक्तस्रावाचा गट (एच५९.११) वेगळा. रक्तस्राव शस्त्रक्रियेमुळेच झाला, असे डॉक्टरांनी लिहिल्याखेरीज यांतला एकही कोड लावता येत नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ आयसीडी-१० आवृत्तीत डावे-उजवे असा भेद नाही. तिच्यातल्या कोडवरून कोणता डोळा ते कळत नाही, त्यामुळे रुग्णाच्या डिस्चार्ज कार्डावर 'उजवा डोळा, दुसऱ्या दिवशी रक्तस्राव' असे शब्द स्पष्ट हवेतच. पुढचा डॉक्टर तेच वाचून उपचार ठरवतो.