हुसेन खानचे डास आणि सात बुटके

आपल्या हैदराबादकरांना बेगमपेठेतली रॉससाहेबाची इमारत ठाऊकच असेल. २० ऑगस्ट १८९७ ला सिकंदराबादेत रोनाल्ड रॉसला डासाच्या पोटात हिवतापाचा जंतू सापडला. ते डास ज्या रुग्णाला चावले, त्याचं नाव हुसेन खान. डासामागे एक आणा मिळायचा त्याला. १९०२ मध्ये रॉसला नोबेल मिळालं.

पण शोध लागला म्हणून तो घरोघरी पोचला असं नाही. आमच्या आजीचं माहेर परभणीकडचं. तिचा धाकटा भाऊ हिवतापाने गेला, तेव्हा या शोधाला चाळीस वर्षं होत आली होती. आजी शेवटपर्यंत म्हणायची, "पावसात भिजला, थंडी भरली." डासाचं नावच नाही. जे डोळ्यांना दिसत नाही, ते पटावं कसं?

हेच काम अमेरिकी सरकारने वॉल्ट डिस्नेकडे दिलं होतं, लॅटिन अमेरिकेतल्या लोकांसाठी. १९४३ चं ते कार्टून, 'द विंग्ड स्कर्ज'. जेमतेम दहा मिनिटांचं. सुरुवातीलाच डासाच्या मादीचं पोस्टर, फरारी दरोडेखोराचं असावं तसं: जिवंत किंवा मृत पकडा! ही बया आजारी माणसाचं रक्त पिते, मग धडधाकट शेतकऱ्याला चावते. तो अंथरुणाला खिळतो, शेत ओस पडतं. मग निवेदक प्रेक्षकांतून मदतीला माणसं मागतो, आणि उठून येतात कोण, तर स्नो व्हाइटचे सात बुटके. गवत कापतात, साचलेल्या पाण्यावर तेल सोडतात, पॅरिस ग्रीनची विषारी पूड टाकतात, खिडक्यांना जाळ्या ठोकतात, मच्छरदाणी लावतात.

नातवाने मोबाईलवर दाखवलं. तो खूप हसला. मला आजी आठवली. तिने हे पाहिलं असतं तर डास नक्की पटला असता. पण एका घरासाठी सात जण राबणार, जाळ्या लावणार, हे तिच्या माहेरी कुणाला परवडलं असतं? पुढच्या कार्टूनांतही स्वच्छ घर आणि गलिच्छ घर अशीच तुलना. म्हणजे दुखणं आलं तर दोष घरच्यांचा!

आपल्याकडे १९५३ मध्ये राष्ट्रीय हिवताप नियंत्रण कार्यक्रम सुरू झाला. डीडीटीचा पंप घेऊन सरकारी माणसं दारोदार आली, तेव्हा कुठे ताप हटायला लागला.

तुमच्या घरच्या जुन्या माणसांनी ती फवारणी पाहिली असेल, तर नक्की लिहा.