एकाच नंबरात पाच कोटी आणि सव्वा लाख: जमिनीखालच्या पिकाची यंत्रं आणि भांडुपचं टायर

मंडळी, आजची पोस्ट लांब आहे. चहा घेऊन बसा.

८४३३ ५३. जमिनीखालचं पीक, म्हणजे बटाटा, बीट, गाजर वगैरे काढायच्या यंत्रांचा हा जागतिक व्यापारातला नंबर. कस्टम्सच्या कागदावर प्रत्येक मालाला असा सहा आकडी नंबर असतो आणि पहिले सहा आकडे जगभर सारखे असतात. या नंबराखाली कुठल्या देशानं किती नग विकले आणि किती पैसे आले हे कळतं. मग कुणीतरी पैशाला नगांनी भागतो आणि 'निर्यातीचा सरासरी भाव' काढतो. त्यावर अहवाल निघतात, ते महागात विकले जातात, आणि त्यातलं एखादं वाक्य उचलून आमच्यासारखे लोक बातमी करतात.

डिप्लोमाला असताना आम्हाला एक शिकवलं होतं. सरासरी दिसली की आधी विचारायचं, कशाची सरासरी?

तर या नंबरात काय काय बसतं ते बघा. एका टोकाला आपल्याकडचं साधं बटाटा काढणी यंत्र. ट्रॅक्टरच्या मागे जोडायचं, पुढे फाळ, मागे हलती साखळी. माती खाली गळते, बटाटे मागे पडतात, बायाबापड्या ते वेचतात. किंमत लाख-दीड लाखाच्या आसपास. पंजाब-गुजरातकडे असली यंत्रं छोट्या-मोठ्या वर्कशॉपांत तयार होतात. दुसऱ्या टोकाला जर्मनीचं बीट काढणी यंत्र. तीन धुऱ्यांचं, स्वतःच चालणारं, एका वेळी सहा ओळी उपटणारं, पाला छाटून, बीट साफ करून पोटातल्या टाकीत पंचवीस टनांहून जास्त माल साठवणारं. किंमत पाच लाख युरोच्या पुढे, म्हणजे साधारण पाच कोटी रुपये. त्या एका यंत्राच्या पैशात आपली चारशे यंत्रं येतील. आणि कागदावर दोघांचाही नंबर एकच, नगही एकच. एखाद्या देशानं वर्षात असली दोन-चार जुनी जर्मन यंत्रं पुढे विकली की त्याचा 'सरासरी भाव' आभाळाला टेकतो. तिथला एकही कारखाना त्यामुळे सुधारलेला नसतो.

आता हे भांडुपच्या माणसानं का वाचायचं? सांगतो. पण आधी थोडं युरोपात जाऊन येऊ, कारण इतकं महाग यंत्र मुळात का बनलं हे कळल्याशिवाय पुढचं कळत नाही.

आपण साखर म्हटलं की ऊस. युरोपात साखर म्हणजे बीट. १७४७ मध्ये मार्गग्राफ नावाच्या जर्मन रसायनशास्त्रज्ञानं बिटातली साखर आणि उसातली साखर एकच आहे हे दाखवलं. पण धंदा खरा वाढला तो नेपोलियनच्या काळात. इंग्रजांच्या आरमारामुळे बेटांवरची उसाची साखर येईना, तेव्हा १८११ मध्ये त्यानं बीट लावायचे हुकूम काढले. पुढे दीडशे वर्षं बीट माणसं वाकून काढत होती. दुसऱ्या महायुद्धानंतर युरोपात शेतावर मजूर मिळेनात, आणि मग यंत्रांची शर्यत लागली. जर्मनीतल्या ग्रिमे कंपनीनं, जी मुळात १८६१ ची लोहारकामाची, बटाटा काढणी यंत्रांत जम बसवला. होल्मरनं १९७४ मध्ये स्वतः चालणारं सहा ओळींचं बीट यंत्र आणलं. मजूर महाग, शेतं मोठी, आणि बीट निघतं पावसाळी थंडीत, चिखलात. या तिन्ही गोष्टींनी मिळून ते पाच कोटींचं जनावर तयार केलं. आपल्याकडे २०१५-१६ च्या कृषिगणनेत सरासरी धारणक्षेत्र १.०८ हेक्टर निघालं. तिथे ते जनावर नुसतं वळवायचं म्हटलं तरी शेजारच्याच्या बांधावर जाईल.

मग आपला संबंध कुठे येतो? चाकाशी.

विचार करा, पंचवीस टन बीट पोटात, वर यंत्राचं स्वतःचं वजन, आणि खाली ओली जमीन. साधं टायर लावलं तर जमीन दगडासारखी दाबली जाईल आणि पुढच्या वर्षी पीक रडेल. म्हणून या यंत्रांना १०५०/५० आर ३२ सारखी अवाढव्य टायरं लागतात. एक मीटरहून जास्त रुंद. ती कमी हवेवर चालली पाहिजेत. त्यातला नवा प्रकार तोच भार चाळीस टक्के कमी दाबावर पेलतो. शिवाय टाकी भरते, रिकामी होते, परत भरते, तसा भार दिवसभर वरखाली होतो. तो सोसणारं टायर वेगळं बनवावं लागतं. एकेका टायरला हजारो युरो पडतात.

असली टायरं बनवणं हे मोठ्या कंपन्यांना कटकटीचं काम. मोटारीचं टायर एकाच मापाचं लाखांनी निघतं. शेतीच्या टायरांची मापं ढीगभर, प्रत्येकाचे नग थोडे, आणि हाताचं काम फार. म्हणून हा धंदा हळूहळू भारताकडे सरकला. मुंबईत मुख्य कचेरी असलेली बालकृष्ण इंडस्ट्रीज, म्हणजे बीकेटी, मूळची कापडवाली. तिनं १९८७ च्या सुमारास औरंगाबादेत (आता छत्रपती संभाजीनगर) टायर सुरू केलं आणि आज तिचा बहुतेक माल परदेशी जातो, त्यात युरोप पुढे.

आणि दुसरी कंपनी आपली व्हिलेज रोडवाली. सिएट.

सिएट हे नाव इंग्रजी नाही हे किती भांडुपकरांना माहीत आहे? इटलीतल्या तोरिनो शहरातली ही कंपनी. 'कावी एलेत्रिची ए आफ्फिनी तोरिनो', म्हणजे विजेच्या तारा आणि तत्सम माल, तोरिनो. व्हिर्जिनियो ब्रुनी तेदेस्की यांनी १९२४ मध्ये काढलेली. (फ्रान्सचे माजी राष्ट्राध्यक्ष सार्कोझी यांच्या पत्नी कार्ला ब्रुनी याच घराण्यातल्या. गप्पांत वापरायला बरं.) १९५८ मध्ये टाटांबरोबर 'सिएट टायर्स ऑफ इंडिया' झाली आणि भांडुपला कारखाना उभा राहिला. तेव्हा लाल बहादूर शास्त्री मार्गाला आग्रा रोड म्हणत. कोकणातून, साताऱ्याकडून आलेली पोरं या पट्ट्यात कामाला लागली आणि वर टेकडीच्या अंगाला घरं करून राहिली.

त्या काळचा भांडुप नजरेसमोर आणा. एशियन पेंट्सचा मोठा कारखाना १९५७ चा. जीकेडब्ल्यूमध्ये धातूचे सुटे भाग. सिएटमध्ये टायर. शेतीचं यंत्र बनवायला सुटे भाग, टायर आणि रंग लागतो, तो सगळा भांडुपात होता. फक्त यंत्र नव्हतं.

यंत्र होतं पश्चिम रेल्वेवर! कांदिवलीला १९६३ मध्ये महिंद्र, व्होल्टास आणि अमेरिकेची इंटरनॅशनल हार्वेस्टर यांनी मिळून 'इंटरनॅशनल ट्रॅक्टर कंपनी ऑफ इंडिया' काढली. बी-२७५ ट्रॅक्टर तिथला. १९७७ मध्ये ती कंपनी महिंद्रमध्ये विलीन झाली. १९९४ मध्ये महिंद्रनं अमेरिकेत टेक्सासला दुकान मांडलं, आणि आज नगांच्या हिशेबानं जगात सगळ्यात जास्त ट्रॅक्टर विकणारी कंपनी तीच आहे. सेंट्रलवाल्यांना हे वाचून राग येईल, पण कांदिवलीनं अख्खं यंत्र आपल्या नावानं विकलं आणि भांडुपनं भाग विकले. माझं म्हणणं असं की भावाचा सगळा खेळ या फरकात आहे.

टायरचा भाव कशावर हलतो बघा. २०११ च्या एप्रिलमध्ये नैसर्गिक रबर किलोला २४० रुपयांच्या आसपास होतं. २०१६ च्या सुरुवातीला शंभराच्या खाली आलं. केरळचा रबरवाला शेतकरी बुडाला, टायरवाले खूश. ऑगस्ट २०२४ मध्ये परत २४० च्या वर. त्यावर परदेशातली जकात. २०१७ मध्ये अमेरिकेनं भारतातून येणाऱ्या अशा टायरांवर सबसिडीच्या कारणावरून प्रतिशुल्क बसवलं. २७ ऑगस्ट २०२५ रोजी बऱ्याच भारतीय मालावर एकूण पन्नास टक्के जकात लागली. अमेरिका हे भारतीय टायरचं सगळ्यात मोठं परदेशी गिऱ्हाईक, आणि २०२४-२५ मध्ये देशाची टायर निर्यात २५ हजार कोटींच्या वर होती. कच्चा माल वाढला, जकात वाढली, तरी जर्मन यंत्रवाला तुमचा भाव सहजी वाढवून देत नाही. तो दुसरा पुरवठादार बघतो. त्याच्या यंत्रावर मात्र त्याचं नाव आहे, तो त्याचा भाव स्वतः ठरवतो.

नावाचं हे गणित सिएटनं पैसे मोजून शिकलेलं आहे. १९८२ मध्ये, ज्या वर्षी गिरणी संप सुरू झाला त्याच वर्षी, रा. प्र. गोयंका यांनी सिएट घेतली. कंपनी आली, पण जगभर 'सिएट' हे नाव वापरायचा हक्क आला नाही. तो इटलीतल्या पिरेल्लीकडे गेलेला होता. म्हणजे भांडुपात बनलेलं टायर सिएट नावानं युरोपात विकायची सोय नव्हती. २०१० मध्ये पिरेल्लीकडून तो हक्क विकत घेतला. त्यानंतर २०१७ मध्ये अंबरनाथला शेतीच्या रेडियल टायरांचा वेगळा कारखाना आला आणि हार्वेस्टरसाठीची टायरं तिथून निघू लागली. आधी नाव, मग कारखाना. हा क्रम मला फार बोलका वाटतो. भांडुपहून अंबरनाथ लोकलनं फार तर तासाभरावर, पण नवी भरती तिकडची झाली. इथल्या पोरांच्या वाट्याला आले टॉवर आणि मॉल. एशियन पेंट्सचं भांडुपचं उत्पादन २०१४ मध्ये थांबलंच होतं.

डिसेंबर २०२४ मध्ये सिएटनं आणखी एक नाव घ्यायचं ठरवलं: मिशेलिनकडचं कॅम्सो. बांधकामाच्या यंत्रांची टायरं आणि रबरी पट्टे, श्रीलंकेतले दोन कारखाने, सुमारे २२.५ कोटी डॉलर. मिशेलिनसारख्या बड्यानं हे का सोडावं? तेच जुनं कारण, नग थोडे आणि मेहनत फार.

अख्खं यंत्र बनवायचं कुणी मनावर घेतलंय का? घेतलंय. राजकोटच्या शक्तिमाननं त्याच ग्रिमेबरोबर भागीदारीत कंदमुळांच्या यंत्रांची कंपनी काढली आहे. महिंद्रनं २०२० मध्ये बेल्जियमच्या ड्युल्फबरोबर बटाटा लावायचं यंत्र आणलं. ते लावायचं, काढायचं नव्हे, तरी दिशा तीच: ज्ञान तिकडचं, किंमत आपल्या शेतकऱ्याला झेपेल अशी. आपल्या राज्यात त्याचं गिऱ्हाईक मंचर, खेड, सातगाव पठारकडचे बटाटेवाले. बटाट्याच्या उत्पादनात भारत चीनच्या खालोखाल जगात दुसरा, तरी काढणी अजून बरीचशी माणसांच्या कमरेवर. २२ सप्टेंबर २०२५ पासून काढणी यंत्रांवरचा जीएसटी १२ वरून ५ टक्के झाला, ट्रॅक्टरच्या टायरांवरचा १८ वरून ५. लाखाच्या यंत्रावर ही रक्कम सात हजार होते. पठारावरच्या माणसाला ती कळते. जर्मन यंत्राच्या भावात ती कुणाच्या लक्षातही येणार नाही.

एक तांत्रिक सूचना, विशेषतः आमच्या धंद्यातल्या पोरांसाठी. शेती टायरांची निर्यात वाढली की घटली हे बघताना २०१७ च्या आधीचे आणि नंतरचे आकडे सरळ जोडू नका. आधी ही टायरं नक्षीच्या प्रकारानुसार वेगवेगळ्या नंबरांत विभागलेली होती. २०१७ मध्ये सगळी ४०११ ७० या एका नंबरात आली. न बघता जोडलं तर एका वर्षात निर्यात उसळल्यासारखी दिसते, आणि मग मथळा तयार.

कॅम्सोचा व्यवहार सप्टेंबर २०२५ मध्ये पूर्ण झाला. करारात तीन वर्षं नाव परवान्यावर आहे, मग कायमचं. म्हणजे २०२८. तेव्हा युरोपातल्या शेतात फिरणाऱ्या त्या रबरी पट्ट्यांवरच्या नावाचा मालक मुंबईत असेल. त्या वर्षी सिएट भांडुपला येऊन सत्तर वर्षं होतात.

त्या निमित्तानं या पट्ट्यातल्या कारखान्यांवर काही लिहायचं डोक्यात आहे. ज्यांच्या घरी वडिलांचे, आजोबांचे जुने फोटो, पगाराच्या पावत्या, युनियनची पत्रकं असतील त्यांनी इनबॉक्स करा. मी घरी येऊन बघेन, कागद तुमच्याकडेच राहतील. कांदिवलीच्या ट्रॅक्टरवाल्यांनीही करा. रुळाच्या पलीकडचे म्हणून आम्ही नाही म्हणणार नाही.