निघोजचे कुंड आणि काळाचे माप

श्रोतेहो, ककुद्मी राजाची गोष्ट आपल्यापैकी पुष्कळांनी कीर्तनात ऐकली असेल. रेवतीला वर कोणता पाहावा, हे विचारायला राजा लेकीला घेऊन ब्रह्मलोकी गेला. तिथं गाणं चाललं होतं, म्हणून तो क्षणभर थांबला. तेवढ्या वेळात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगं उलटून गेली!

ही झाली पुराणातली गोष्ट. पण जिथं उभं राहिलं की आपलं काळाचं माप चुकावं, अशी जागा जमिनीवरही आहे. अहिल्यानगर, म्हणजे पूर्वीच्या अहमदनगर जिल्ह्यात, पारनेर तालुक्यात निघोज गाव आहे. त्याच्या शिवारातून कुकडी वाहते. अलीकडे निघोज, पलीकडे पुणे जिल्ह्यातलं टाकळी हाजी, आणि मधे पात्रातल्या काळ्या पाषाणात रांजणांसारखे खोल खळगे. काठावर मळगंगा देवीचं देऊळ. लोक या जागेला कुंड म्हणतात.

हे रांजण कोणी घडवले? पाण्यानं आणि गोट्यांनी. खडकात जिथं फट किंवा मऊ भाग असतो, तिथं पुराचं पाणी भोवरा धरतं. त्यात अडकलेले गोटे गरगर फिरतात आणि खडक घासतात. घरच्या जात्यात दाणा दळला जातो. इथं दाणाही झिजतो अन् जातंही झिजतं. एक गोटा संपला की पुढचा पूर दुसरा आणून टाकतो. बरं, हे काम पुराच्या दिवसांपुरतंच. बाकी वर्षभर कारागीर रजेवर!

आता हा पाषाण केवढा जुना, ते पाहू. दख्खनचा हा खडक लाव्हारसाचा आहे. तो सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी थरावर थर पसरत गेला. हा आकडा डोक्यात बसत नाही. म्हणून शिक्षकबंधूंनी आणि भगिनींनी फळ्यावर असं गणित मांडावं. हा सगळा काळ एका वर्षात बसवला, असं धरा. पाडव्याला लाव्हा पसरला आणि आज वर्षाची शेवटची मध्यरात्र आहे. या हिशेबानं एक मिनिट म्हणजे सुमारे सव्वाशे वर्षं. ज्ञानेश्वरी १२९० साली सांगितली गेली, ती शेवटच्या सहा मिनिटांत. शिवरायांचा राज्याभिषेक १६७४ सालचा, तो शेवटच्या तीन मिनिटांत. आणि आपलं पाऊणशे वर्षांचं आयुष्य? जेमतेम छत्तीस सेकंद.

हे ऐकून कुणी म्हणेल, मग आपल्या हातून काय होणार? याचं उत्तर त्याच तालुक्यातल्या राळेगणसिद्धीत आहे.

खेड्यात काळ मोजतात तो दुष्काळावरून. 'बाहत्तरच्या आधीचा जन्म' म्हटलं की वय कळतं. १९७२ च्या दुष्काळानंतरचं राळेगण म्हणजे उघडी टेकाडं, कोरड्या विहिरी आणि दारूच्या भट्ट्या. मुळात पाऊस कमी, आणि पडेल तो माती घेऊन निघून जाई. १९७५ साली अण्णा हजारे सैन्यातून गावी परतले. आधी यादवबाबांचं देऊळ दुरुस्त झालं, मग गाव श्रमदानाला लागलं. गळका पाझर तलाव नीट केला, नाले अडवले, चर खणले, झाडं लावली. कुऱ्हाडबंदी आणि चराईबंदी पाळली. धावणारं पाणी चालू लागलं, चालणारं थांबलं, थांबलेलं जमिनीत मुरलं. विहिरींना पाणी आलं.

पाडव्यापासूनच्या आपल्या हिशेबात हे सारं काम शेवटच्या पंचवीसेक सेकंदांतलं!

ध्यानात घ्या, पाणी तेच आहे. कुंडात ते खडक कोरतं, उघड्या रानात माती नेतं, बांध घातला तर विहीर भरतं. बोटभर माती तयार व्हायला शेकडो वर्षं लागतात; ती जायला वळवाच्या दोन सरी पुरतात. मोडण्याचा काळ आणि घडण्याचा काळ सारखा नसतो. म्हणून आपल्या वाट्याच्या छत्तीस सेकंदांत बांध कुठं घालायचा, हे आपणच ठरवायचं.

गुरुजींनी उन्हाळ्यात मुलांना कुंडावर जरूर न्यावं. मात्र मुलं काठापासून दूर उभी राहतील, हे पाहावं. आणि पावसाळ्यात तिकडे मुळीच नेऊ नये. घरी परतल्यावर प्रत्येकाला एकच प्रश्न विचारावा : तुझ्या बांधावरचं पाणी जातं कुठं?