एज ऑफ एम्पायर्स २ : कारभार व डावपेच

एज ऑफ एम्पायर्स २ : संगणकावर खेळावयाचा एक युद्धखेळ. बुद्धिबळाप्रमाणे प्रतिपक्षाची खेळी होईपर्यंत स्वस्थ बसण्याची सवड ज्यात नसते, उभय पक्षांचे हुकूम एकाच वेळी सुटत असतात आणि विचारात गेलेला प्रत्येक क्षण हाही खर्चाच्याच बाजूस मांडावा लागतो, अशा खेळांच्या वर्गातील दीर्घायुषी खेळांपैकी हा एक होय. अमेरिकेतील डॅलस येथील एन्सेम्बल स्टुडिओज या संस्थेने तो रचला व मायक्रोसॉफ्टने १९९९ मध्ये ‘द एज ऑफ किंग्ज’ या उपनामाने प्रसिद्ध केला. ‘द काँकरर्स’ ही पुरवणी २००० मध्ये आली. संस्थेतील प्रमुख रचनाकारांपैकी ब्रूस शेली यांनी त्यापूर्वी सिड मायर यांच्यासमवेत ‘सिव्हिलायझेशन’ या खेळाच्या रचनेत भाग घेतला होता. एन्सेम्बल २००९ मध्ये बंद पडली, परंतु खेळ टिकला, आणि २०१९ मध्ये त्याची ‘डेफिनिटिव्ह एडिशन’ ही नवी आवृत्ती निघाली. प्रस्तुत नोंदीत मुख्यतः ‘अरेबिया’ या मोकळ्या नकाशावरील दोघांच्या सामन्याचा विचार केला आहे. आकडे सर्वसामान्य संस्कृतींचे आहेत. वेळोवेळीच्या दुरुस्त्यांनी त्यांत किरकोळ फेरफार होत असतात.

स्वरूप : खेळाडूच्या हाती आरंभी एक टाउन सेंटर, तीन गावकरी व एक घोडेस्वार टेहळ्या एवढाच सरंजाम असतो, कोठारात अन्न २००, लाकूड २००, सोने १०० व दगड २०० असतात. एवढ्या भांडवलावर वस्ती वाढवीत डार्क, फ्यूडल, कॅसल व इम्पीरियल या चार युगांतून वर चढावयाचे आणि प्रतिपक्षास शरणागती पत्करावयास लावावयाचे, हा खेळाचा सारांश. युगांतराचे मोल ठरलेले असते : फ्यूडलसाठी ५०० अन्न, कॅसलसाठी ८०० अन्न व २०० सोने, इम्पीरियलसाठी १,००० अन्न व ८०० सोने. प्रत्येक युगांतरापूर्वी चालू युगातील ठरावीक इमारतीही उभ्या असाव्या लागतात. लोकसंख्येची प्रचलित मर्यादा २०० असून तीत नांगर धरणारा व तलवार धरणारा यांची गणना सारखीच होते.

कारभार : या खेळातील जय-पराजय रणांगणावर दिसतो, परंतु त्याचा निर्णय बहुधा त्याआधीच जमाखर्चात झालेला असतो, हे मत अनुभवी खेळाडूंत इतके रूढ आहे की त्याचा स्वतंत्र पुरावा देण्याची आवश्यकता कोणास वाटत नाही. एक गावकरी घडविण्यास ५० अन्न व २५ सेकंद लागतात. (येथील सर्व वेळ खेळाच्या घड्याळाचा आहे, जालावरील सामन्यांत ते घड्याळ भिंतीवरील घड्याळाच्या १.७ पट वेगाने धावते.) तेव्हा टाउन सेंटर २५ सेकंद रिकामे बसले की एक गावकरी कायमचा उणा झाला, आणि त्याने पुढे सामना संपेपर्यंत जे लाकूड तोडले असते वा जे धान्य आणले असते, तेही त्याबरोबर गेले. पहिल्या दहा मिनिटांत गमावलेली अशी दोन मिनिटे नवशिक्याच्या ध्यानातही येत नाहीत, आणि पुढे कॅसल युगात शत्रूचे सहा नाइट दारात उभे असता आपल्यापाशी दोनच का, याचे कोडे त्यास पडते.

पहिला अडसर घरांचा असतो. टाउन सेंटर पाच जणांचीच सोय करते व आरंभीची वस्ती चार जणांची असते. अर्थात एका गावकऱ्याची भर पडताच जागा संपते. म्हणून सामना सुरू होताक्षणीच दोन गावकऱ्यांना २५ लाकडांचे पहिले घर बांधावयास लावणे हा परिपाठ आहे. सर्वसाधारण वाटणीत पहिले सहा जण मेंढरांवर, पुढील तीन-चार जण लाकडावर, त्यानंतरचा एक रानडुकरावर व मागाहून आलेले काही बोरांच्या झुडपांवर नेमले जातात. मेंढरू एका वेळी एकच कापावे, कारण कापलेल्या जनावराचे मांस पडून राहिल्यास हळूहळू नासते. आणि ते टाउन सेंटरच्या भिंतीला लागून कापावे, म्हणजे ओझे वाहण्यात पावले वाया जात नाहीत.

रानडुकराचे प्रकरण किंचित विस्ताराने सांगणे अवश्य आहे, कारण सामन्याच्या आरंभीचा हाच एक खरा धोका होय. प्रत्येक पक्षाच्या आसपास सामान्यतः दोन रानडुकरे असतात व प्रत्येकापासून ३४० अन्न मिळते. मेंढरापासून मिळते अवघे १००, आणि शिकारीचा वेग मेंढपाळीहून अधिक असतो. एका गावकऱ्याने जनावरापर्यंत जाऊन बाण मारावा, ते चवताळून अंगावर येताच मागे फिरून टाउन सेंटरकडे धाव घ्यावी, व तेथे मेंढरांवर असलेल्या सहा-सात जणांनी त्यास एकदम लक्ष्य करून पाडावे, अशी ही रीत आहे. धावणारा मध्येच झाडाला अथवा स्वतःच्याच घराच्या कोपऱ्याला अडला तर त्याचा जीव जातो. प्राण वाचविण्यासाठी त्यास टाउन सेंटरात घेता येते, परंतु मग आतून सुटणाऱ्या बाणांनीच डुक्कर मेले तर त्याचे मांस हाती लागत नाही. म्हणून शेवटचा घाव गावकऱ्याचाच असावा लागतो. ५० सोन्यात होणारे ‘लूम’ हे संशोधन गावकऱ्याची सहनशक्ती वाढविते. ते केव्हा करावे याविषयी एकमत नाही : कित्येक जण डुकरापूर्वी करतात, तर कुशल खेळाडू फ्यूडलच्या उंबरठ्यापर्यंत लांबवितात.

युगांतर चालू असता टाउन सेंटर दुसरे कोणतेही काम करू शकत नाही. फ्यूडलला १३० सेकंद लागतात, म्हणजे पाच गावकऱ्यांवर पाणी सोडावे लागते. कॅसलचे १६० सेकंद म्हणजे सहा. म्हणून युगांतर लवकर करावे की वस्ती वाढवून सावकाश करावे, हा प्रश्न निव्वळ हौसेचा नसून हिशेबाचा आहे. स्वारीचा बेत असेल तर २१-२२ च्या वस्तीवर निघण्याची प्रथा अलीकडे रूढ आहे; थेट कॅसल गाठावयाचे तर २७-२८ पर्यंत थांबतात. शेती महाग असते, एका शेतास ६० लाकूड पडते, आणि मेंढरे-डुकरे संपण्याच्या बेतात असतानाच लाकडावरील माणसे वाढविली नाहीत तर नेमक्या युगांतराच्या वेळी अन्न आटते. एक टाउन सेंटर अखंड चालू ठेवण्यास सहा-सात शेतकरी पुरतात, हे प्रमाण लक्षात ठेवण्याजोगे आहे.

कॅसल युगात आणखी टाउन सेंटरे बांधण्याची मुभा मिळते. प्रत्येकाचा खर्च २७५ लाकूड व १०० दगड. आरंभीचे २०० दगड कोठेही खर्च केलेले नसतील तर एकही दगड न खोदता दोन नवी केंद्रे उभी राहतात. ‘बूम’ या नावाने ओळखली जाणारी तीन केंद्रांची वाढ ती हीच. ज्याने फ्यूडलमध्ये मनोऱ्यांवर दगड उधळले, त्यास ही सवलत नाही. पूर्ण वाढलेल्या कारभारात गावकऱ्यांची संख्या १०० ते १२० पर्यंत नेतात.

सलामीचे डाव : डार्क युगातच तीन मिलिशिया पाठविण्याच्या डावास ‘ड्रश’ म्हणतात. त्याचा हेतू मारण्यापेक्षा शत्रूच्या लाकूडतोड्यांना पळावयास लावण्याचा, त्यांच्या कामाचा खोळंबा करण्याचा असतो. फ्यूडलमधील घोडेस्वार प्रत्येकी ८० अन्नात पडतात व त्यांना सोने लागत नाही. वेगाच्या जोरावर ते शेतांतील माणसे टिपतात, परंतु भालाईत दिसताच त्यांनी काढता पाय घ्यावा. धनुर्धर प्रत्येकी २५ लाकूड व ४५ सोने मागतात, सावकाश जमतात, आणि आठ-दहांचा जथा बनल्यावरच खरे उपयोगी पडतात. मनोऱ्यांची चढाई ही एकांगी आहे. फसली तर तिला परतीचा मार्ग नाही. थेट कॅसल गाठण्याचा डाव तटबंदीने वेढलेल्या ‘अरीना’ नकाशावर साहजिकच लोकप्रिय आहे, अरेबियावर तो धाडसाचा मानतात. यांपैकी श्रेष्ठ कोणता, हा वाद निष्फळ आहे. निवड नकाशा, संस्कृती व टेहळ्याने आणलेली खबर यांवर अवलंबून असते.

टेहळणी : पहिल्या घोडेस्वाराने प्रथम स्वतःची मेंढरे व डुकरे हुडकावीत, मग शत्रूच्या वस्तीस प्रदक्षिणा घालावी. त्याच्या सोन्यावर माणसे दिसली तर धनुर्धर येणार, लवकर शेते दिसली तर घोडेस्वार येणार, असे अनुमान करता येते.

सैन्याची जोड : कोणतीही एक तुकडी सर्वांस भारी नसते. भालाईत घोड्यास मारतो, धनुर्धर भालाइतास मारतो, स्कर्मिशर धनुर्धरास मारतो, आणि नाइट, मागे भालाईत नसतील तर, या उभयतांस तुडवितो. नाइटचे मोल ६० अन्न व ७५ सोने. त्यास १०० सोन्याचा एक मंक दूर उभा राहून आपल्या पक्षास वळवून घेऊ शकतो, हा व्यवहार विलक्षण फायद्याचा आहे. मँगोनेलचा एक धोंडा दाटीने उभ्या धनुर्धरांचा फडशा पाडतो. तो सुटताना दिसताच जथा दोन भागांत फाकविणे ही हातचलाखी सरावानेच साधते. किल्ले पाडण्यास इम्पीरियल युगातील ट्रेबुशे, त्यापूर्वी रॅम. नकाशावरील सोने संपल्यावर भालाईत, स्कर्मिशर व हुसार या सोने न लागणाऱ्या तुकड्यांवरच लढाई येते. अशा वेळी मठात आणून ठेवलेले अवशेष प्रत्येकी मिनिटास सुमारे ३० सोने देत राहतात, आणि ज्याने ते आधी गोळा केले त्याचे पारडे जड राहते.

छापे व तटबंदी : शत्रूचे सैन्य मारण्यापेक्षा त्याचे गावकरी मारणे अधिक लाभाचे. चार नाइट शेतांत घुसवावेत, भालाईत जमताच काढून दुसऱ्या टोकाच्या लाकूडतोडीवर न्यावेत; गनिमी काव्याच्या इतिहासावर पोसलेल्या मराठी वाचकास याचे रहस्य सांगावयास नको. मात्र छापा घालताना आपले टाउन सेंटर रिकामे राहिले, तर मिळविलेले तेथेच गमावले असे समजावे. प्रतिकाराची एक युक्ती जवळून पाहण्याजोगी आहे. घोडेस्वार पाठीशी असता गावकरी दोन झाडांमध्ये शिरतो व पुढील-मागील मोकळ्या चौकटींत कुंपणाचे पाये टाकतो. पायावर एक टिकाव पडताच तो शत्रूस अडवितो, आणि अर्धवट कुंपणाच्या आत गावकरी सुखरूप राहतो. संपूर्ण वस्तीभोवती कुंपण घालावे की नाही, याबाबत मात्र जाणकारांत मतभेद आहेत.

जलयुद्ध : बेटांच्या नकाशांवर मासेमारी व आरमार यांस प्राधान्य असते.

संस्कृती : मूळ खेळात १३ संस्कृती होत्या, पहिल्या पुरवणीने त्या १८ झाल्या व पुढे ही संख्या वाढतच गेली. ब्रिटनांचे धनुर्धर, फ्रँकांचे नाइट, मंगोलांची शीघ्र शिकार ही ठळक उदाहरणे. हूणांना घरे बांधावीच लागत नाहीत. २०१३ मध्ये ‘इंडियन्स’ ही एकच भारतीय संस्कृती समाविष्ट झाली होती. एवढ्या विस्तीर्ण देशाचा एका नावात केलेला हा गोळा सदोषच होता, आणि एप्रिल २०२२ मधील ‘डायनॅस्टीज ऑफ इंडिया’ या पुरवणीने हिंदुस्तानी, बंगाली, द्रविड व गुर्जर अशी त्याची फोड केली. या चारही संस्कृतींना नाइट मिळत नाहीत. त्यांची उणीव उंट, हत्ती व विशेष तुकड्यांनी भरून काढावी लागते. गुर्जर मेंढरे कापण्याऐवजी गिरणीत बांधून ठेवतात व त्यांपासून मंद गतीने अन्न मिळवितात. बंगाल्यांचा रथ दुरून बाणांनी वा जवळून शस्त्राने, दोन्ही प्रकारे लढतो. द्रविडांकडे उरुमी धारण करणारे योद्धे आहेत. राजेंद्र चोळ, देवपाल व बाबर यांच्यावरील मोहिमा याच पुरवणीत आल्या. देवगिरीच्या यादवांना तीत स्वतंत्र संस्कृतीचे स्थान मिळालेले नाही. मराठ्यांचा काळ तर खेळाच्या मूळ कालखंडानंतरचा, कारण हा कालखंड रोमच्या पतनापासून सोळाव्या शतकापर्यंतचा आहे.

सामने : नॉर्वेचा ‘द व्हायपर’ व कॅनडाचा ‘हेरा’ हे विशेष नावाजलेले खेळाडू. २०२२ मध्ये ‘रेड बुल वोलोलो’ या मालिकेतील एक स्पर्धा जर्मनीतील हायडेलबर्गच्या किल्ल्यात झाली.

अभ्यास : १९९९ च्या आवृत्तीत विल्यम वॉलेसची मोहीम शिकाऊंसाठी होती. २०१९ च्या आवृत्तीत ‘आर्ट ऑफ वॉर’ या नावाचे स्वतंत्र धडे असून त्यांत वेळेनुसार कांस्य, रौप्य व सुवर्णपदक मिळते. आरंभीचा कारभार, शीघ्र कॅसल व बूम हे तीन धडे प्रथम गिरवावेत. युद्धाचे धडे त्यानंतर. खेळलेल्या सामन्याची नोंद संगणकात राहते व ती पुन्हा पाहता येते. ती पाहताना लढाया वगळाव्यात आणि पहिल्या पंधरा मिनिटांत आपले टाउन सेंटर किती वेळ रिकामे होते, तेवढेच मोजावे.