छाया ग्रंथालये (ठाणे, कल्याण-डोंबिवली)

हक्कधारकाची परवानगी न घेता पुस्तके व शोधनिबंध इंटरनेटवर फुकट देणारे संग्रह. लायब्ररी जेनेसिस (बोलण्यात 'लिबजेन') आणि अलेक्झांड्रा एल्बाक्यान यांनी २०११ मध्ये सुरू केलेले साय-हब ही ठळक उदाहरणे. 'छाया ग्रंथालय' हा शब्द या परिसरातले विद्यार्थी वापरत नाहीत. 'पीडीएफ आहे का?' एवढ्यावर भागते.

इथे ग्रंथालयांची वानवा कधीच नव्हती. ठाण्याचे नगर वाचन मंदिर १८५० चे, कल्याणचे सार्वजनिक वाचनालय १८६४ चे. १ जून १८९३ रोजी ठाण्यात मराठी ग्रंथसंग्रहालय निघाले. खास मराठी ग्रंथांसाठी निघालेले ते पहिलेच. 'महाराष्ट्र सारस्वत' लिहिणारे वि. ल. भावे त्याचे संस्थापक. इंटरनेट आर्काइव्हवर जुने मराठी पुस्तक उघडले, की सुरुवातीच्या पानांत पुष्कळदा याच संस्थेची चिठ्ठी दिसते: 'मराठी ग्रंथ संग्रहालय, ठाणे', आणि पुढे 'स्थळप्रत'. स्थळप्रत म्हणजे तिथेच बसून वाचायची, घरी न न्यायची प्रत. ती आता कोणीही मोबाइलमध्ये उतरवून घेतो. जुन्या ग्रंथांबाबत यात चोरी नाही, कारण भारतात लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षांनी स्वामित्वहक्क संपतो.

शोधनिबंधांचे तसे नाही. 'वन नेशन वन सबस्क्रिप्शन' ही केंद्राची योजना १ जानेवारी २०२५ रोजी सुरू झाली: ३ वर्षांसाठी ६,००० कोटी रुपये, सुमारे १३,००० नियतकालिके. पण पहिला टप्पा सरकारी संस्थांपुरता, आणि डोंबिवली-कल्याणची बहुतेक महाविद्यालये खासगी शिक्षणसंस्थांची. तिथल्या प्राध्यापकाने साय-हबकडे पाहिले तर नवल नाही.

दिल्ली उच्च न्यायालयाने २०१६ मध्ये विद्यापीठातील अभ्याससंचांच्या झेरॉक्सला मोकळीक दिली. साय-हबविरुद्ध मात्र एल्सेव्हियर, वायली व अमेरिकन केमिकल सोसायटी यांनी डिसेंबर २०२० मध्ये तिथेच दावा लावला आणि ऑगस्ट २०२५ मध्ये संकेतस्थळ रोखण्याचा आदेश निघाला.

मराठी वाचकाची खरी अडचण मधल्या काळातल्या पुस्तकांची: हक्क जिवंत, आवृत्ती संपलेली. अशी पुस्तके दुकानात नसतात, छाया ग्रंथालयांतही क्वचितच सापडतात. त्यांच्यासाठी अजून ठाण्याला जाऊन स्थळप्रतच मागावी लागते.