मल्हारी मार्तंड उपासना, इंदूर

जेजुरीच्या डोंगरावरील खंडोबाची (मल्हारी मार्तंडाची) होळकर घराण्याने माळव्यात रुजवलेली कुलदैवत-उपासना. तिचे मूळ नीराकाठच्या होळ गावातून आलेल्या मल्हारराव होळकरांच्या (१६९३–१७६६) कुळाचारात आहे. (पहा : जेजुरी, होळकर घराणे).

२१ डिसेंबर १८१७ रोजी महिदपूरला इंग्रजांकडून होळकरांचा पराभव झाला. ६ जानेवारी १८१८ च्या मंदसोर तहाने सातपुड्याच्या दक्षिणेकडील मुलूख गेला व इंदूर राजधानी झाले. पेशवाई बुडाल्याने जेजुरीही इंग्रजी अमलात आली. देव एका सत्तेखाली आणि उपासक दुसरीकडे अशी स्थिती झाली, तरी उपासना खंडित झाली नाही. मल्हारनगर (इंदूर) टांकसाळीच्या नाण्यांवरील मुखयुक्त सूर्य, म्हणजे मार्तंडाचे चिन्ह, तहानंतरही कायम राहिला. इंदूरच्या राजवाड्यातही मल्हारी मार्तंडाचे मंदिर आहे. नाण्यांवरील सूर्यचिन्ह निव्वळ सवयीने टिकले असे म्हणणे अपुरे ठरते, कारण महेश्वरच्या नाण्यांवरील शिवलिंग व बेलपान हा पर्याय घराण्यापाशी होताच. (पहा : महेश्वर).

ही केवळ दरबारी प्रथा होती, हा आक्षेप राजचिन्हापुरता ग्राह्य आहे. मात्र चंपाषष्ठी (मार्गशीर्ष शुद्ध षष्ठी), तळी भरणे, भंडारा आणि जागरण हे मुळात घरोघरचे कुळधर्म आहेत. धनगरांसह अनेक जातींची कुटुंबे ते पाळतात. त्यांना ना खजिना लागतो ना सरहद्दीचा परवाना. जेजुरीचा गड लांब असला तरी घरच्या देव्हाऱ्यातील टाकापुढे (देवाच्या धातूच्या प्रतिमेपुढे) तळी उचलता येते. (पहा : खंडोबा; वाघ्या-मुरळी).